कंपनी अवसायनात जाते तेव्हा संचालकांनी काय काय उघड करायचं? नाशिकच्या उद्योजकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सातपूर, अंबड, गोंदे, सिन्नर या पट्ट्यातल्या कितीतरी प्रायव्हेट लिमिटेड कंपन्या घरच्या घरी चालतात. एक भाऊ शॉप फ्लोअर बघतो, दुसरा बँक आणि खरेदी सांभाळतो, वहिनींचं नाव संचालक म्हणून कागदावर असतं. धंदा चालतो तोवर कोणाला काही वाटत नाही. कंपनी गुंडाळायची, म्हणजे अवसायनाची, वेळ आली की नोटिसा मात्र सगळ्यांच्या नावाने येतात. धंदा बुडाला म्हणून कोणी संचालकाला तुरुंगात टाकत नाही. पण बुडालेल्या कंपनीची मालमत्ता, वह्या किंवा व्यवहार दडवले तर तुरुंगाची तरतूद कायद्यात आहे, आणि ती सौम्य नाही. खालची उत्तरं कंपनी कायदा, २०१३ आणि नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ यांच्या आधारे दिली आहेत. संहितेत दुरुस्त्या होत असतात, तेव्हा मुदती आणि रकमा सही करण्याआधी आपल्या सीए, कंपनी सेक्रेटरी (सीएस) किंवा वकिलांकडून तपासून घ्या.

शेडला कुलूप लावून वर्ष झालं. कामगार नाहीत, ऑर्डर नाही. म्हणजे कंपनी बंदच झाली ना?

नाही. कंपनी निबंधकांच्या दप्तरी ती अजून चालू आहे, त्यामुळे ताळेबंद आणि वार्षिक विवरणपत्र दरवर्षी भरावंच लागतं. सलग तीन आर्थिक वर्षं ते भरलं नाही तर संचालक पाच वर्षांसाठी अपात्र ठरतात, इतर कंपन्यांतही. सलग पाच वर्षं भरलं नाही तर तेवढ्या एका कारणावरून कंपनीच्या समापनाचा, म्हणजे कंपनी कायद्याखाली ती गुंडाळण्याचा, अर्ज होऊ शकतो. कुलूप लावल्यावर सीएची फी वाचवणारे पुढे सगळ्यात जास्त अडकतात. पाच वर्षांनी माहिती मागितली जाते तेव्हा ती देण्यासारखी उरलेलीच नसते.

कंपनी रीतसर बंद होण्याचे मार्ग किती, आणि प्रत्येकात आम्ही काय उघड करायचं?

ढोबळमानाने चार मार्ग आहेत.

कंपनीकडे मालमत्ताही नाही आणि देणंही नाही, तर निबंधकांकडे नाव काढून टाकण्याचा अर्ज करता येतो. त्यात संचालकांचं प्रतिज्ञापत्र, हमीपत्र आणि सीएने प्रमाणित केलेलं तीस दिवसांहून जुनं नसलेलं हिशेबपत्रक लागतं. नाव निघालं तरी संचालकांची जबाबदारी संपत नाही, ती जणू नाव निघालंच नाही अशी पुढे चालू राहते.

देणी आहेत, पण मालमत्ता विकून ती पूर्ण फिटतील, तर ऐच्छिक अवसायन. त्याबद्दल खाली वेगळं लिहिलं आहे.

देणी फिटत नाहीत, तेव्हा बँक किंवा पुरवठादार संहितेखाली एनसीएलटीत (राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणात) जातो. थकबाकीची किमान मर्यादा मार्च २०२० मध्ये एक लाखावरून एक कोटीवर नेली आहे. आधी कंपनी वाचवण्याचा प्रयत्न होतो. तो फसला की अवसायनाचा आदेश निघतो. नाशिकमधली बहुतेक प्रकरणं या रांगेतली असतात.

चौथा मार्ग कंपनी कायद्याखालच्या समापनाचा: कंपनीचा विशेष ठराव, कारभारातला घोटाळा, पाच वर्षं विवरणपत्रं न भरणं, किंवा न्यायाधिकरणाला ते न्याय्य वाटणं. भावाभावांत इतकं फाटलं की कंपनी चालूच शकत नाही, अशी प्रकरणं या शेवटच्या कारणाखाली येतात. कर्ज फेडता येत नाही हे कारण नोव्हेंबर २०१६ पासून इथून काढून संहितेत गेलं आहे.

आपली फाइल कोणत्या मार्गावर आहे ते आधी विचारून घ्या. मुदती, फॉर्म आणि शिक्षा त्याप्रमाणे बदलतात.

आदेश झाल्यावर संचालक म्हणून आमचे अधिकार राहतात का?

राहत नाहीत. संहितेखाली प्रकरण दाखल करून घेतलं की संचालक मंडळाचे अधिकार निलंबित होऊन रिझोल्यूशन प्रोफेशनलकडे (कंपनी वाचवण्याच्या प्रयत्नात कारभार बघणाऱ्या व्यावसायिकाकडे) जातात, आणि अवसायनाचा आदेश झाला की ते लिक्विडेटरकडे (मालमत्ता विकून देणी भागवणाऱ्या अवसायकाकडे) जातात. त्या दिवसानंतर कंपनीच्या चेकवर सही करायची नाही, माल हलवायचा नाही, कोणाची उधारी वसूल करून परस्पर दुसऱ्याला द्यायची नाही. अधिकार गेले तरी सहकार्याचं बंधन मात्र राहतं, आणि ते संचालकांबरोबर प्रवर्तकांवर, कर्मचाऱ्यांवर आणि व्यवस्थापनाशी संबंधित प्रत्येकावर आहे.

लिक्विडेटरला नेमकं काय काय सांगायचं?

कंपनीचं जे जे आहे ते सगळं. आणि जे होतं पण आता नाही, ते कोणाला, कधी, किती पैशांना आणि का दिलं, हेही. रोजच्या धंद्यातली विक्री यातून वगळली आहे. विकलेल्या प्रत्येक ब्रॅकेटचा हिशेब कोणी मागत नाही. विकलेल्या व्हीएमसी मशीनचा मागणारच.

ताळेबंदात दिसणाऱ्या गोष्टी सांगायला कोणी विसरत नाही: प्लॉट, मशिनरी, स्टॉक, येणं, बँक शिल्लक. राहून जातं ते ताळेबंदाच्या कोपऱ्यातलं. महावितरणकडची सुरक्षा ठेव. बँक गॅरंटीसाठी मार्जिन म्हणून ठेवलेली एफडी. जीएसटीच्या लेजरमध्ये पडून असलेली रक्कम आणि अडकलेला रिफंड. विम्याचा दावा. संचालकाच्या नावावर कंपनीने काढलेली कीमॅन पॉलिसी. ट्रेडमार्क, वेबसाइटचं डोमेन. कंपनीने हप्ते भरलेली, पण आरसी बुकावर धाकट्या भावाचं नाव असलेली गाडी. जॉबवर्कला दुसऱ्याच्या शेडमध्ये गेलेलं मटेरियल, ज्याचं चलन आहे पण माल परत आलेला नाही. ग्राहकाने क्वालिटीच्या नावाखाली कापलेली आणि आपण अजून भांडत असलेली डेबिट नोट. चालू असलेले सगळे दावे, आपण केलेले आणि आपल्यावर झालेले.

एमआयडीसीचा प्लॉट हा तर स्वतंत्र विषय आहे. तो साधारण ९५ वर्षांच्या भाडेपट्ट्याचा असतो आणि एमआयडीसीच्या परवानगीशिवाय हस्तांतरित होत नाही. अनेकांनी मंदीत अर्धी शेड कोणाला तरी वापरायला दिलेली असते, करार तोंडी आणि भाडं रोखीत. ते सांगायचं टाळू नका. लिक्विडेटर शेडमध्ये पाऊल ठेवेल तेव्हा तिथे दुसऱ्याचा कंप्रेसर चालू असेल, आणि मग पहिल्याच भेटीत तुमच्या बाकीच्या सगळ्या माहितीवरचा विश्वास उडेल.

शेडमध्ये पडलेल्या ग्राहकाच्या डाय आणि फिक्स्चरचं काय?

त्या कंपनीच्या नाहीत. ताब्यात असल्या तरी दुसऱ्याच्या मालकीच्या वस्तू अवसायनाच्या मालमत्तेत धरत नाहीत. पण त्या दुसऱ्याच्या आहेत हे लिक्विडेटरला कोण सांगणार? रॅकवर ओळीने पन्नास डाय असतात, काहींवर ग्राहकाचा पार्ट नंबर पंच केलेला, काहींवर नुसता रंगाचा पट्टा. शॉपमधल्या जुन्या माणसाला घेऊन बसा आणि एकेक डाय कोणाची, कोणत्या चलनाने आली, हे लिहून काढा. लोनवर आलेलं गेज, तपासणीला आलेलं मटेरियल, भाड्याचा जनरेटर, गॅसची सिलिंडरं, सगळ्यांना हाच नियम. ही यादी दिली नाही तर ग्राहकाचा माल भंगारात विकला जाण्याची भीती असते, आणि मग तो ग्राहक तुमच्यामागे लागतो.

ग्राहकाच्या माणसाने रात्री टेम्पो आणून आपल्या डाय उचलून नेल्या, तेही तुमच्या परवानगीने, असं मात्र आदेशानंतर होऊ देऊ नका. त्याला लिक्विडेटरकडे रीतसर मागणी करायला सांगा.

'स्टेटमेंट ऑफ अफेअर्स' (कंपनीच्या मालमत्तेचं आणि देण्यांचं पत्रक) किती दिवसांत द्यायचं?

कंपनी कायद्याखाली दुसऱ्या कोणी अर्ज केला आणि प्रथमदर्शनी प्रकरण आहे असं न्यायाधिकरणाला वाटलं, तर आदेशापासून ३० दिवसांत हरकती आणि त्याबरोबर हे पत्रक द्यायचं. विशेष कारण असेल तर आणखी ३० दिवस मिळू शकतात. दिलं नाही तर अर्जाला विरोध करण्याचा हक्क जातो. कंपनीने स्वतः अर्ज केला असेल तर पत्रक अर्जाबरोबरच लागतं, त्याशिवाय अर्ज दाखलच होत नाही.

समापनाचा आदेश झाल्यावर आणखी एक ३० दिवसांची मुदत सुरू होते. तेवढ्यात आदेशाच्या तारखेपर्यंत पूर्ण केलेले आणि ऑडिट झालेले हिशेब लिक्विडेटरला द्यायचे. खर्च कंपनीचा. यात कसूर झाली तर सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा २५ हजार ते पाच लाख रुपये दंड, किंवा दोन्ही.

संहितेखालच्या प्रकरणात पत्रकाचं नाव वेगळं असेल, पण रिझोल्यूशन प्रोफेशनल मागील दोन वर्षांचे व्यवहार, देणी-घेणी आणि प्रकरण सुरू झाल्याच्या तारखेची मालमत्तेची यादी मागतोच.

अकाउंटंट सोडून गेला, टॅलीत सहा महिन्यांच्या एंट्र्या नाहीत. आता काय देणार?

जे आहे ते आहे तसं द्या आणि काय नाही ते लिहून द्या. इथे फार लोक घाबरून चूक करतात: दोन रात्री बसून सहा महिन्यांच्या एंट्र्या अंदाजाने टाकतात. बँक स्टेटमेंट आणि जीएसटी रिटर्नशी त्या जुळत नाहीत, आणि अपुऱ्या वह्यांची साधी अडचण बघता बघता खोट्या वह्यांचा आरोप होते. अपुऱ्या वह्यांनाही शिक्षा आहे. समापनाआधीची दोन वर्षं नीट हिशेब ठेवले नसतील तर एक ते तीन वर्षं कैद आणि एक ते तीन लाख दंड. पण तिथे आपण प्रामाणिकपणे वागलो आणि त्या परिस्थितीत ती चूक क्षम्य होती, हे सिद्ध करायला जागा आहे. बनवलेल्या वहीला ती जागा मिळत नाही.

मूळ कागद गोळा करा: बँकेची स्टेटमेंटं पोर्टलवरून, जीएसटीची रिटर्नं पोर्टलवरून, पुरवठादारांकडून लेजर, ग्राहकाकडून पेमेंट ॲडव्हाइस. कंपनीच्या वह्या आठ आर्थिक वर्षं जपून ठेवणं एरवीही बंधनकारकच आहे. गुदामातल्या उंदरांनी खाल्लेल्या फाइल्सचे फोटो काढून ठेवा, त्या फेकू नका.

मी दीड वर्षापूर्वीच राजीनामा दिला. आता माझा काय संबंध?

तुमच्या कारकिर्दीत जे घडलं त्याची जबाबदारी राजीनाम्याने संपत नाही, हे कंपनी कायद्यात स्पष्ट लिहिलेलं आहे. माहिती दडवण्याच्या कलमातही आजी आणि माजी अधिकारी दोघे येतात. राजीनामा निबंधकांकडे नोंदला गेला का तेही बघा. पत्र दिलं, भावाने खिशात ठेवलं आणि फॉर्म भरलाच नाही, असं घराघरांत घडतं. राजीनाम्याची पोच, ईमेल, तुमच्या ताब्यातल्या वस्तू परत केल्याचा कागद, हे शोधून ठेवा. लिक्विडेटरने विचारलं तर 'मी सोडलं' एवढ्यावर थांबू नका, सोडलं तोपर्यंतचं माहीत असेल ते सांगा.

मिसेसचं नाव फक्त कागदावर आहे. त्यांना कधी ऑफिसमध्येही बोलावलं नाही. त्यांनाही उत्तर द्यावं लागेल का?

हो. हा प्रश्न विचारणाऱ्या घरांची मला सगळ्यात जास्त काळजी वाटते. कंपनी काढताना दोन संचालक लागतात म्हणून आईचं किंवा बायकोचं नाव घातलेलं असतं. पुढे वीस वर्षं त्या माउलीने 'इथे सही कर' म्हटलं तिथे सही केलेली असते, बँकेच्या हमीपत्रावरसुद्धा. मग एक दिवस तिच्या नावाने नोटीस येते, आणि घरातले पुरुष म्हणतात, तू लक्ष देऊ नकोस, आम्ही बघतो. नोटीस तिच्या नावाने आहे, म्हणून उत्तरही तिचंच जायला हवं.

कायद्यात नुसत्या सहीपुरत्या संचालकासाठी वेगळा दरवाजा नाही. घरचा संचालक प्रवर्तकही असेल तर त्याला स्वतंत्र संचालकासारखं संरक्षणही मिळत नाही. पण अशा बहुतेक गुन्ह्यांत हेतू आणि माहिती बघितली जाते, आणि आपला हेतू फसवण्याचा नव्हता हे सिद्ध केलं तर बचाव आहे. तो बचाव तिने स्वतः मांडायचा असतो. म्हणून तिला सगळे कागद दाखवा. कोणत्या हमीवर तिची सही आहे, तिच्या खात्यात कंपनीतून काय आलं, तिच्या नावावर कंपनीच्या पैशांचं काही आहे का, हे तिला माहीत असायला हवं. नवरा-बायकोचं किंवा भावाभावांचं म्हणणं वेगळं असेल तर वकीलही वेगळा करा. त्यात घर फुटत नाही.

तिला माहीत नाही ते माहीत नाही म्हणूनच लिहावं. 'माझ्या पतींनी सांगितल्याप्रमाणे' असं लिहून दुसऱ्याची माहिती आपल्या प्रतिज्ञापत्रात घेऊ नये.

गेल्या वर्षी मेहुण्यांचे उसने पैसे परत केले. आणि एक मशीन आमच्याच दुसऱ्या फर्मला दिलं. हे सांगावं लागेल?

लागेल, आणि विचारायच्या आधी सांगितलेलं बरं. संहितेखाली लिक्विडेटर मागे वळून बघतो. बाहेरच्या माणसाशी झालेला व्यवहार असेल तर एक वर्ष मागे, नातेवाईक किंवा आपल्याच दुसऱ्या फर्मशी असेल तर दोन वर्षं मागे. मेहुण्यांना पूर्ण पैसे मिळाले आणि स्टील पुरवणारा ताटकळत राहिला, तर त्याला झुकतं माप म्हणतात. पंधरा लाखांचं मशीन चार लाखांना दाखवलं, तर तो कमी किमतीचा व्यवहार. न्यायाधिकरण असे व्यवहार उलटवू शकतं, पैसे परत आणायला लावू शकतं. धनकोंना फसवण्याच्याच हेतूने केलेल्या व्यवहारांना तर ही वर्षांची मर्यादाही नाही. कंपनी कायद्याखालच्या समापनात मुदती वेगळ्या, झुकत्या मापासाठी सहा महिने आणि सद्हेतू नसलेल्या हस्तांतरासाठी एक वर्ष.

सगळेच व्यवहार वाईट नसतात. नेहमीच्या धंद्यात पुरवठादाराला केलेलं पेमेंट यात येत नाही. मशीन खरोखर जुनं होतं, व्हॅल्युएशन केलं होतं, पैसे बँकेतून आले, तर ते कागद लावून सांगा.

इथे एक गोष्ट लघुउद्योजकांना फारशी कोणी सांगत नाही. कर्ज बुडवलेल्या प्रवर्तकाला आपलीच कंपनी परत घेता येत नाही, असा सर्वसाधारण नियम आहे. सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांना मात्र त्यातून सवलत दिली आहे, म्हणजे तुम्ही स्वतः आपली कंपनी वाचवण्याची योजना देऊ शकता. ही सवलत अर्धवट आहे. झुकतं माप, कमी किमतीचा किंवा फसवा व्यवहार झाला असा न्यायाधिकरणाचा आदेश तुमच्याविरुद्ध असेल, तर ती दारं बंद होतात. अवसायनातल्या विक्रीतही अपात्र माणसाला मालमत्ता घेता येत नाही. दोन-चार लाखांच्या लपवाछपवीपायी वडिलांनी उभी केलेली कंपनी परत मिळवण्याची संधी घालवू नका.

लपवलं आणि सापडलं तर?

संहितेखाली, प्रकरण सुरू होण्याआधीच्या बारा महिन्यांत दहा हजार किंवा त्याहून अधिकची मालमत्ता लपवणं, ती खोटेपणाने बाहेर काढणं, वह्या दडवणं किंवा बदलणं, आणि नंतर माहिती न देणं, या प्रत्येकासाठी तीन ते पाच वर्षं कैद, किंवा एक लाख ते एक कोटी रुपये दंड, किंवा दोन्ही. पत्रकातून महत्त्वाची बाब जाणूनबुजून गाळणं हाही वेगळा गुन्हा आहे. कंपनी कायद्याखाली तीन ते पाच वर्षं कैद आणि सोबत एक ते तीन लाख दंड, आणि तिथे लपवलेल्या मालमत्तेची मर्यादा हजार रुपयांचीच आहे.

दोन गोष्टी लोकांना नवीन वाटतात. मालमत्तेचा हिशेब जुळवायला खोटा तोटा किंवा खोटा खर्च दाखवणं हाही कंपनी कायद्यात गुन्हा आहे. 'आगीत गेलं', 'चोरीला गेलं' असं लिहायचं तर फायर ब्रिगेडचा दाखला किंवा एफआयआर हवा. आणि दुसऱ्या कोणी खोटा दावा लावला आहे हे तुम्हाला ठाऊक असेल, तर तेही सांगणं तुमच्यावर बंधनकारक आहे. कंपनी कायद्यात त्यासाठी एक महिना दिला आहे. मित्राने दहा लाखांचं येणं चाळीस लाख दाखवलं आणि तुम्ही गप्प बसलात, तर गुन्हा तुमचाही.

उधारीवर आणलेला, पैसे न दिलेला माल परस्पर गहाण टाकला किंवा विकला, तर तो जाणूनबुजून घेणाऱ्यालाही शिक्षा आहे. आपल्याकडून भंगार उचलणाऱ्यांनाही हे सांगून ठेवा.

एखादी गोष्ट खरंच राहून गेली तर?

लक्षात येईल त्या दिवशी लेखी कळवा. उशिरा पण स्वतःहून दिलेली माहिती आणि पकडल्यावर दिलेली माहिती यांत न्यायाधिकरण फरक करतं. हेतू नव्हता हे दाखवायला तुमचं ते पत्रच पुरावा ठरतं.

ऐच्छिक अवसायनात प्रतिज्ञापत्राचं एवढं काय?

त्यात बहुसंख्य संचालक शपथेवर सांगतात की आम्ही कंपनीच्या कारभाराची पूर्ण चौकशी केली, कंपनीवर कर्ज नाही किंवा मालमत्ता विकून ते पूर्ण फिटेल, आणि कोणाला फसवण्यासाठी हे चाललेलं नाही. सोबत मागील दोन वर्षांचे ऑडिट झालेले हिशेब आणि मालमत्ता असेल तर नोंदणीकृत मूल्यांकनकाराचा अहवाल. प्रतिज्ञापत्रानंतर चार आठवड्यांच्या आत विशेष ठराव, आणि देणी असतील तर त्यानंतर सात दिवसांत मूल्याने दोन तृतीयांश धनकोंची संमती.

'पूर्ण चौकशी' हे शब्द गंभीरपणे घ्या. जीएसटीची एक जुनी नोटीस, ईएसआयसीची थकबाकी, ग्राहकाचा वॉरंटीचा दावा, यातलं काही नंतर निघालं तर सही केलेल्या प्रत्येक संचालकाला विचारणा होते.

माझं राहतं घर आणि घरातलं सोनंही यादीत द्यायचं का?

कंपनीच्या यादीत कंपनीची मालमत्ता येते. गंगापूर रोडचा फ्लॅट तुमच्या पैशाने घेतलेला असेल तर तो त्यात येत नाही. कंपनीच्या पैशाने घेतलेला असेल तर येतो, नाव कोणाचंही असो.

वैयक्तिक हमी दिली असेल तर गोष्ट निराळी. कंपनी अवसायनात गेली म्हणून हमीदार सुटत नाही. डिसेंबर २०१९ पासून अशा हमीदारांवर संहितेखाली कारवाई करता येते आणि सर्वोच्च न्यायालयाने मे २०२१ मध्ये ती वैध ठरवली. त्या स्वतंत्र प्रकरणात तुमची स्वतःची मालमत्ताही उघड करावी लागते. शिवाय कंपनी वाचणं शक्य नाही हे कळत असताना धनकोंचं नुकसान कमी करायची काळजी घेतली नाही, तर भरपाई संचालकांनी स्वतःच्या खिशातून द्यावी असाही आदेश होऊ शकतो.

चेक बाउन्सच्या केसेस आता थांबतील ना?

कंपनीविरुद्धच्या केसेस संहितेखालच्या स्थगितीच्या काळात थांबतात. चेकवर सही करणाऱ्या संचालकाविरुद्धच्या नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२१ मध्ये स्पष्ट केलं आहे. नाशिक कोर्टातली तारीख चुकवू नका.

जबाबाला बोलावलं तर वकील नेता येतो का?

कंपनी कायद्याखाली लिक्विडेटरने फसवणुकीचा अहवाल दिला तर न्यायाधिकरण संचालकाची शपथेवर तपासणी करू शकतं. त्या अहवालाची प्रत स्वखर्चाने मिळते, आणि वकील, सीए किंवा सीएस सोबत घेता येतो. जबाब लिहून घेतात, वाचून दाखवतात, तुमची सही घेतात, आणि तो पुढे तुमच्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरता येतो. म्हणून अहवाल वाचल्याशिवाय तपासणीला जाऊ नका आणि जबाब वाचल्याशिवाय सही करू नका. आठवत नसेल तर 'कागद बघून सांगतो' असं सांगा.

कामगारांचे पगार थकले आहेत. त्यांची माहिती कोण देणार?

तुम्हीच, कारण हजेरीपट आणि पगारपत्रक तुमच्याकडे आहे. अवसायनात प्रक्रियेचा खर्च भागल्यावर कामगारांचे २४ महिन्यांपर्यंतचे पैसे तारणधारक बँकेच्या बरोबरीने येतात, इतर कर्मचाऱ्यांचे १२ महिन्यांपर्यंतचे त्याच्या खाली. भविष्यनिर्वाह निधी, पेन्शन आणि ग्रॅच्युइटी फंडातली रक्कम तर धनकोंच्या वाटणीतच येत नाही. पगारातून कापलेला पण भरलेला नसलेला पीएफ महिन्यावार लिहून द्या. कंत्राटदारामार्फत असलेल्या माणसांचे कागदही द्या. सिन्नरहून, इगतपुरीहून रोज येणाऱ्या माणसाकडे ना नेमणूकपत्र असतं ना पगाराची स्लिप. तुमचं रजिस्टर हाच त्याचा एकमेव आधार आहे, आणि ते हरवलं तर त्याचा दावा मुदतीत सिद्ध होत नाही.

ईमेल, व्हॉट्सअॅप, पासवर्ड हेही द्यायचे?

कंपनीच्या ईमेलचे, टॅलीचे, बँकेच्या पोर्टलचे, जीएसटी आणि आयकर लॉगिनचे, क्लाउडचे, सीसीटीव्हीचे, हो. खासगी फोन सरसकट देण्याची गरज नसते, पण धंद्याच्या ऑर्डरी त्यावर असतील तर त्या संभाषणांची प्रत द्यावी लागू शकते. काही पुसू नका. तुमची डिजिटल सिग्नेचर कोणाच्या हातात देऊ नका. सीएच्या ऑफिसमध्ये पडलेली असेल तर परत आणा.

प्रत्येक वेळी मुंबईला जावं लागतं का?

महाराष्ट्रातली प्रकरणं एनसीएलटीच्या मुंबई खंडपीठासमोर चालतात, कफ परेडला. बऱ्याच तारखा वकील सांभाळतात आणि व्हिडिओवरूनही सुनावणी होते. तुम्हालाच हजर राहायला सांगितलं असेल तर मात्र जा. सकाळची पंचवटी एक्सप्रेस गाठून सीएसएमटीला उतरलात तर कफ परेड जवळच आहे. लिक्विडेटर स्वतः शेड बघायला नाशिकला येतो, त्या दिवशी बाहेरगावी जाऊ नका.

कागद आणि वस्तू ताब्यात कशा द्यायच्या?

यादी करून, दोन प्रतींत, प्रत्येक पानावर सही घेऊन. मशीनचा सीरियल नंबर, फोटो, चालू की बंद. टॅलीचा बॅकअप पेन ड्राइव्हवर देताना तो त्यांच्या लॅपटॉपवर तिथेच उघडून दाखवा आणि 'डेटा उघडून पाहिला' असं पोचपावतीवर लिहून घ्या. शेडच्या किल्ल्या, लॉकरची किल्ली, मिनिट्स बुक, शेअर रजिस्टर, मूळ भाडेपट्टा, सगळ्यांना वेगळी ओळ. बँकेकडे मूळ कागद असतील तर तसं लिहा.

पोच द्यायला टाळाटाळ झाली तर तीच यादी त्याच दिवशी ईमेल करा आणि स्पीड पोस्टाने पाठवा. माणूस वाईटच असेल असं नाही, त्याच्याकडे इतरही प्रकरणं असतात. पण वर्षभराने 'संचालकांनी सहकार्य केलं नाही' असा अर्ज लागला की तुमच्या हातात ती पावती हवी. लिक्विडेटरचं वागणं खरोखरच गैर असेल तर न्यायाधिकरणाकडे अर्ज आणि दिवाळखोरी मंडळाकडे तक्रार, असे दोन्ही मार्ग आहेत. त्यांच्यावर रागावून माहिती अडवून धरणं हा मार्ग नाही.

हे सगळं संपल्यावर नवी कंपनी काढता येईल का?

कंपनी अवसायनात गेली एवढ्यावरून संचालक अपात्र होत नाही. सहा महिने किंवा त्याहून जास्त कैदेची शिक्षा झाली तर ती संपल्यावर पाच वर्षं, स्वतः नादार ठरलात तर त्यातून मुक्त होईपर्यंत, आणि विवरणपत्रं सलग तीन वर्षं भरली नाहीत तर पाच वर्षं संचालक होता येत नाही. नवीन काम सुरू करताना जुन्या कंपनीचं नाव, ग्राहकांची यादी, ड्रॉइंग, डाय यांतलं काहीही लिक्विडेटरकडून रीतसर विकत घेतल्याशिवाय वापरू नका. आणि जुन्या कंपनीच्या नावाने एखाद्या ग्राहकाचा चेक नव्या पत्त्यावर आला, तर तो नव्या खात्यात न भरता लिक्विडेटरला पोचवून त्याची पावती घ्या.